कोऱ्या लेटरपॅडावरची सही

साहेबांच्या बंगल्यात सगळे आत सोफ्यावर. मला व्हरांड्यात प्लास्टिकची खुर्ची. त्यांना चहा कपबशीत, मला कागदी कपात. निवडून येऊन आठवडा झाला नव्हता. आमदार मी होतो.

साहेब म्हणजे आमच्या भागातले मोठे जमीनदार, पक्षाची तिकिटं तेच वाटायचे. त्यांच्या पीएनं माझ्या नावाच्या लेटरपॅडचा गठ्ठा माझ्या मांडीवर ठेवला. म्हणाला, "वकील, खाली सह्या मारा. वर काय लिहायचं ते साहेब बघतेत."

मारल्या. राखीव जागेवर आमच्याकडं हाच रिवाज. जागा आमची, तिकीट साहेबांचं, अन् निवडून आलं की लेटरपॅड त्यांच्या कपाटात. बिलोलीच्या कोर्टात वीस वर्षं पक्षकारांवर ओरडलो होतो, कोऱ्या कागदावर सही करू नका म्हणून. मग मी का केली? सांगायला लाज वाटते. आमदार म्हणवून घ्यायची हौस होती. बायको म्हणाली होती, आता तरी माणसात धरतील. मलाही तसंच वाटलं.

तीन वर्षं असंच. सभागृहात विचारायचा प्रश्नसुद्धा बंगल्यावरून लिहून यायचा. मी उठायचो, वाचायचो, बसायचो. लई थकलो होतो, पण सांगणार कुणाला.

मग एक दिवस सखूमावशी घरी आली. आमच्या बौद्धवाड्यातली, आईच्या वयाची. गावच्या गायरानात तिच्यासकट अकरा घरं ज्वारी पेरतात. ती जमीन त्यांच्या नावावर व्हावी म्हणून लढलो, ती माझी पहिली केस. मावशीनं तहसीलची नोटीस पुढं केली. अतिक्रमण काढा, जागा साहेबांच्या शिक्षण संस्थेला द्यायची हाय. सोबत आमदाराचं शिफारसपत्र. माझं लेटरपॅड. माझी सही.

"मला वाचता येत न्हाई," मावशी म्हणाली. "वाड्यातल्या पोरी वाचून सांगतेत, सही तुझी हाय. तू न्हाई म्हण, मी तुझंच खरं धरते."

मी पाण्याचा तांब्या पुढं केला. तिनं पाणीसुद्धा घेतलं न्हाई. चपला घातल्या अन् निघून गेली.

साहेबांना फोन लावला. पत्र मागं घेतो म्हणालो. ते हसले. "सही कुणाची हाय? तुझीच ना? मग गप बस."

तीन वर्षं गपच बसलो होतो. म्हणालो, "साहेब, कपाटातले बाकीचे कागद जपून ठेवा. कोर्टात मागवणार हाय." फोन मीच ठेवला.

अकरा घरांनी नोटिशीविरुद्ध दावा लावला. त्यात माझं प्रतिज्ञापत्र मी स्वतःच्या हातानं लिहिलं. सही माझी, मजकूर माझा न्हाई, कोरे कागद सही करून दिले होते. कोर्टातले मित्र म्हणाले, येडा झालास का, आमदारकी जाईल, वकिलीची सनदही जाईल. जाऊ द्या. मावशी अजून माझ्याशी बोलत न्हाई. तिनं बोलावं असं मी म्हणतही न्हाई.

सोमवारी बिलोलीत साक्षीला उभा राहणार हाय. उलटतपासणीत साहेबांचा वकील विचारेल, म्हणजे तुम्ही स्वतःला विकलं होतं? व्हय म्हणणार. विकलं होतं. पण गायरान विकायचा हक मला नव्हता, साहेबांनाही न्हाई. एवढं लिहून घ्या म्हणणार, अन् लिहून होईपर्यंत खाली उतरणार न्हाई.