खेचर कापायचं नाही

दत्ताराम परबांनी जेफ्रीला पहिल्यांदा पाहिलं ते शेजारच्या अपूर्वाच्या लग्नात, कांदिवलीच्या हॉलमध्ये. खुर्चीवर उभा राहून तो भटजींना सांगत होता, "गुरुजी, शेवटचं मंगलाष्टक परत घ्या. बॅटरी बदलत होतो." आणि गुरुजींनी मुकाट्याने घेतलं. असा हुकूम फौजेत दत्तारामांच्या सुभेदारालाही कधी जमला नव्हता.

मालाडच्या गावठाणातला हा जेफ्री लग्नांचे व्हिडिओ काढतो. त्याचे वडील आरमारात होते. ते गेल्यावर त्यांचं चालतंबोलतं चित्र सापडलं ते एकच, कुणाच्या तरी लग्नातलं: तोंडात मटण, हाताने 'नको रे' म्हणतायत. तेव्हापासून दर बुधवारी जेफ्री म्हाताऱ्या फौजींना गाठून कॅमेऱ्यासमोर बसवतो.

लग्नात जेवतानाच त्याने दत्तारामांना विचारलं, "अंकल, लढाई सांगणार?"

"नाय. दोघांना सांगितली. दोघांनी खेचर कापलं."

जेफ्रीचा घास हातातच राहिला. "कापलं?"

"फिल्ममधून रे!"

एकाहत्तर साली डोंगरातल्या चौकीवर दारूगोळा पोहोचवला म्हणून दत्तारामांना शाबासकीचं पत्र मिळालं. खरं तर तोफा सुरू होताच त्यांनी डोळे मिटून शेवंती नावाच्या खेचराची शेपटी धरली होती. वाट शेवंतीनेच काढली. तिसऱ्या दिवशी ती मेली, आणि पत्र यांना आलं. दर सव्वीस जानेवारीला सोसायटी हार घालायची तेव्हा त्यांना मान वर करवत नसे. मरायच्या आधी हे चारचौघांत सांगायचंच, असं त्यांनी ठरवलं होतं.

"माझो वाढदिस आठवणा नाय, खेचराचो नंबर तोंडपाठ!" दत्तारामांच्या बायको विमलाबाई म्हणाल्या.

जेफ्रीने शूटिंग केलं ते लग्नासारखंच. "हनुवटी वर, अंकल. नवरदेवासारखे बसा." पण शेपटीचं ऐकताना तो एकदाही मध्ये बोलला नाही.

सोसायटीत लावण्याआधी सेक्रेटरी जान्हवीताईंनी फिल्म पाहिली. "छान आहे हो. पण ते शेपटीचं काढा ना. मुलांसमोर बरं दिसतं का?"

"मॅडम, आलेल्या पाहुण्याला मी कापत नाही. एकदा नवऱ्याचा मावसा कापला, तर अख्खं खानदान दुकानात येऊन बसलं होतं. ही तर लढाईला आलेली."

"मग आमच्याकडे नाही लागणार."

"नका लावू." त्याने पेनड्राइव्ह काढून खिशात टाकला.

पुढच्या रविवारी जेफ्रीच्या अंगणात चादर बांधून फिल्म लागली. दत्ताराम स्वतः दारोदार जाऊन सोसायटीवाल्यांना बोलवून आले होते. शेपटीपाशी सगळे खो खो हसले. दत्तारामही हसले. शेवंती मेली तेव्हा मात्र जान्हवीताईंनी चष्मा पुसला.

यंदा सव्वीस जानेवारीला हार आला नाही. दत्ताराम त्या दिवशी झेंड्याखाली मान ताठ ठेवून उभे होते.

जेफ्रीची सगळी फिल्म मिळून सध्या सहा तासांची आहे. एकोणीस फौजी झालेत. विसाव्या फौजीसाठी तो या बुधवारी मुलुंडला जाणार आहे.