थोरली माळीण

मोठ्या घराण्याच्या पदरी असलेल्या त्या दोघी बहिणींना पाहून नवा माणूस हमखास फसायचा. पांढऱ्या केसांची, कमरेत वाकलेली ती धाकटी, आणि काळ्याभोर वेणीची, ताठ चालीची ती थोरली. धुलाईघरात इस्त्री करणारी धाकटी त्या तरण्या माळणीला "ताई, गारठा आहे, अंगावर काहीतरी घे," म्हणाली की ऐकणाऱ्याला वाटायचं, म्हातारीला भ्रम झाला.

भ्रम कसला, ही सगळी बागेची करणी. घराण्याच्या दोन बागा होत्या. घाईच्या बागेत सकाळी पेरलेलं दुपारी ताटात यायचं, आणि तिथले माळीही फळांबरोबर लवकर पिकायचे. दुसरी संथ बाग. तिच्या फाटकाआड एक दुपार काढली की बाहेर पाच-सहा वर्षं उलटून गेलेली असायची. म्हातारपण टाळायला घराण्यातली माणसं तिथे जाऊन बसत. बाईसाहेबांचे आजेसासरे चहाचा कप घेऊन आत गेले होते म्हणे, आणि तो चहा अजून निवला नव्हता. श्रीमंतांचे चोचले, दुसरं काय. पण चोचले म्हटले तरी कुंपण वाढतंच आणि ते कापायला कोणीतरी आत जावंच लागतं.

थोरली पोरवयातच छाटणीला लागली. एकदा कुंपण कापून बाहेर आली तर आई थकलेली दिसली. पुढच्या खेपेला बाहेर आली तर आईच नव्हती. आईचं दुखणंखुपणं, औषधपाणी, शेवटचा श्वास, सगळं धाकटीने एकटीने निभावलं होतं. आणि थोरलीच्या हातात आईने बांधून दिलेला डबा अजून गरम होता. तिला तो उघडवला नाही.

धाकटीने कधी बोल लावला नाही. "कामावर होतीस तू, हुंदडायला नव्हती गेलीस," असं म्हणून उलट तिनेच ताईची समजूत घातली. लग्न दोघींनीही केलं नाही. थोरलीचं वय लग्नाच्या रांगेत कधी नीट उभंच राहिलं नाही, आणि धाकटी थांबली ती ताई बाहेर येईल तेव्हा दाराला कुलूप दिसू नये म्हणून.

मग धाकटीच्या छातीने दगा दिला. डॉक्टरांनी तपासलं, थोरलीला दाराबाहेर नेलं आणि म्हणाले, "आजींच्या जवळ बसा. आता थोडेच दिवस आहेत." ती आजी नाही, माझी पाठची बहीण आहे, एवढं सांगायचंही त्राण थोरलीत उरलं नव्हतं.

त्याच दुपारी ती बाईसाहेबांपुढे जाऊन उभी राहिली. जन्मात तिने त्यांच्याकडे काही मागितलं नव्हतं.

"बाईसाहेब, माझ्या बहिणीला संथ बागेत बसू द्या. इथे तिचे दिवस भरत आलेत. आत ती वर्षानुवर्षं राहील."

घराण्याबाहेरचं माणूस तिथे बसवायचं नाही, असा कडक नियम होता. पण बाईसाहेब मनाने वाईट नव्हत्या. त्यांना फक्त कशाचीच घाई नसायची. "घेऊन ये तिला," त्या म्हणाल्या. "मी पुढे होते, बाकावर गादी घालून ठेवते."

थोरलीने हातगाडीवर गोधडी अंथरली, धाकटीला उचलून तीत बसवलं आणि फाटकाशी आणलं. तिला इतका आनंद झाला होता की किल्ली कुलपात जाईना. आजवर या बागेने नुसतं घेतलं होतं. आज पहिल्यांदा ती काहीतरी देणार होती.

"ताई, थांब जरा," धाकटी म्हणाली. "आत मला किती दिवस मिळतील?"

"अगं, बाहेर माणसांचा जन्म जाईल तोवर."

"बाहेरचं नाही विचारत मी. मला किती?"

थोरलीने किल्ली खाली घेतली. सारी हयात या बागेत गेली, पण हे तिच्या डोक्यात आलं नव्हतं. "तेवढेच," ती अखेर म्हणाली. "इथे आहेत तेवढेच."

"मग ती बाहेरची वर्षं कोणासाठी? माझं बाहेर तुझ्याशिवाय आहे कोण? आणि तू तर माझ्यासोबत आत." धाकटीला धाप लागली. ती थोडी थांबली. "आईच्या वेळी तू नव्हतीस. मी कधी बोलले नाही, पण फार एकटं वाटलं गं मला. आता तू घरी चल आणि नुसती बस माझ्याजवळ."

थोरली फाटकाला टेकून ढसाढसा रडली. मग तिने किल्ली पहारेकऱ्याच्या हवाली केली आणि गाडी वळवली.

धाकटी मोसमभरही टिकली नाही. पण तेवढे दिवस थोरलीने सलग पाहिले. एकही चुकवला नाही. तिने बहिणीचे केस धुतले, तिला भरवलं, मिठावरून तिच्याशी भांडलीसुद्धा. कॉलरला इस्त्री उलट्या बाजूने आधी करायची, हे धाकटीने अंथरुणातून तिला रागावून शिकवलं. एका सकाळी थोरलीच्या मांडीवर डोकं ठेवूनच ती गेली. थोरली पुन्हा संथ बागेत गेली नाही. धुलाईघरातली बहिणीची इस्त्री तिने उचलली, आणि बाहेरची वर्षं इतरांसारखी तिच्याही अंगावरून जाऊ लागली. केस पिकले, गुडघे कुरकुरू लागले.

पुढे कैक वर्षांनी एका दिवशी संथ बागेचं फाटक उघडलं. बाईसाहेब बाहेर आल्या, होत्या तशाच्या तशा, फक्त जरा वैतागलेल्या.

"कालपासून गादी घालून बसलेय मी," त्या म्हणाल्या. "ती माळीण राहिली कुठे? बहिणीला घेऊन येणार होती ना?"

समोर चादरींची टोपली घेतलेली एक म्हातारी उभी होती. बाईसाहेबांनी तिला निरखून पाहिलं. तोंडवळा ओळखीचा वाटला.

"तू तिची धाकटी ना गं?"

म्हातारीने टोपली खाली ठेवली.

"नाही बाईसाहेब," ती म्हणाली. "मी थोरली."