दोन्ही हात पुढं कर

देवावर माझा राग नव्हता, पण फारसं जाणंयेणंही नव्हतं. आयटीआय झालो आणि चाकणच्या एका कंपनीत प्रेसवर लागलो. पत्रा ठेवला, बटण दाबलं की भाग तयार होतो आणि नाही दाबलं तर होत नाही, इतकं सरळ जग मला कळतं. त्यामुळे पुढचं लिहिताना मला जरा संकोच वाटतो. जे घडलं ते घडलं तसं सांगतो, त्याला नाव ज्याचं त्याने द्यावं.

आमची ओवी दिवस भरायच्या आधीच जन्मली. पहिले नऊ दिवस ती हॉस्पिटलात काचेच्या पेटीत होती. घरी आली, बाळसं धरलं, हसायला लागली, पण रात्रीची झोप काही तिने धरली नाही. सात महिन्यांची झाली तरी रात्रीतून सात-आठ वेळा उठायची. डॉक्टर म्हणाले, बाळ ठणठणीत आहे, काही मुलं अशीच असतात, हळूहळू होईल. त्या 'हळूहळू'चा अर्थ काळेवाडीतल्या आमच्या एका खोलीत मी आणि माझी बायको मनीषा रोज रात्री शोधत होतो. सासूबाई तीन महिने राहून गावी परतल्या होत्या. दुसऱ्या पाळीच्या आठवड्यात मी रात्री साडेबाराला घरी यायचो. तीनपर्यंत मनीषा उठायची, तीननंतर मी.

त्या रात्री आता आठवतात त्या धुक्यातून आठवतात. ओवी खांद्यावर, मी खिडकी ते दार आणि दार ते खिडकी. खाली गल्लीत पहिल्या पाळीच्या बसचे दिवे वळायचे आणि छतावरून एक पिवळा पट्टा सरकत जायचा. कधी वाटायचं मी कंपनीतच आहे, आणि कंपनीत वाटायचं की खांद्यावर ओवी आहे. दोनदा तर प्रेससमोर उभ्या उभ्या मी तिला थोपटायला हात उचलला होता. जाग आणि झोप यांच्यामधली भिंत पडली होती, आणि त्या पडक्या जागेतच आमचा मुक्काम होता.

माझी आई लातूरकडून फोनवर सांगायची, "तुमी पाचवी पुजली नाहीत बाबा, म्हणून सटवाई जागवायलीय लेकराला." पाचव्या रात्री सटवाई येते, बाळाच्या कपाळावर त्याचं नशीब लिहून जाते, म्हणून पाटावर कोरा कागद न् पेन ठेवायचं, ही आमच्याकडची रीत. ओवी पेटीत असताना कुठला पाट आणि कुठला कागद! मी आईला म्हणालो, "अगं, सटवाईला त्या वॉर्डात आत सोडत नाहीत, पास लागतो." आई हसली नाही.

खरी भीती मी कोणालाच सांगितली नव्हती. आमच्या जुन्या प्रेसला दोन बाजूंना दोन हिरवी बटणं आहेत. दोन्ही एकदम दाबली तरच वरचा भाग खाली येतो, म्हणजे तो येतो तेव्हा माणसाचे दोन्ही हात बाहेर असतात. त्यासाठीच ती सोय. पण घाईच्या दिवसांत आमच्यापैकी काही जण डावं बटण रबराचा तुकडा खोचून दाबून ठेवायचे. मग एका हाताने काम होतं, पाळीला ठरवून दिलेल्या भागांचा आकडा लवकर गाठता येतो. मी तसलं कधी केलं नव्हतं. ओवी झाल्यावर करायला लागलो, आणि तेही आकड्यासाठी नाही. एक हात मोकळा राहिला की त्यावर क्षणभर हनुवटी टेकता यायची, एवढ्याचसाठी. चार वर्षांपूर्वी शेजारच्या प्रेसवरच्या एका पोराची दोन बोटं गेली होती, ती मी डोळ्यांनी पाहिली होती. तरीही खोचायचो.

आणि एका पहाटे मी ओवीला गादीवर जोरात ठेवलं. आपटलं नाही, पण ठेवलंही म्हणता येणार नाही. ती एकदम गप्प झाली आणि माझ्याकडे बघत राहिली. त्या दोन-तीन क्षणांत मला माझ्याच हातांची इतकी भीती वाटली की मी ते पाठीमागे नेले. मग ती रडली, तेव्हा कुठे माझा जीव भांड्यात पडला. मनीषाला जाग येऊ नये म्हणून मी ओवीला उचलून खाली पार्किंगमध्ये घेऊन गेलो.

आमची बिल्डिंग म्हणजे पूर्वीचं कुणाचं तरी शेत. पार्किंगच्या टोकाला, कंपाउंडच्या भिंतीला लागून, बांधावरचे शेंदूर लावलेले तीन दगड तसेच ठेवलेले आहेत. दोन वर्षं मी माझ्या गाडीचं पुढचं चाक त्यांना टेकवून लावत होतो, कधी हेल्मेटही ठेवत होतो. त्या पहाटे मी गाडीशेजारी जमिनीवर बसलो, ओवी मांडीवर रडत होती, आणि माझ्या तोंडून निघालं, "आता तूच बघ." कोणाला म्हणालो ते मलाही ठाऊक नाही.

थोड्या वेळाने फाटकातून एक म्हातारी आली. नऊवारी, हातात तेलाची छोटी बाटली. तिने आधी माझी गाडी सरकवली, मग दगडांवर तेल घातलं, मग माझ्याकडे वळली.

"कितवा म्हैना?"

"सातवा."

"आन तू कवा झोपलास?"

मला खरंच आठवेना. तिने उत्तराची वाट पाहिली नाही. पायरीवर बसली, पाय लांब केले, ओवीला माझ्याकडून घेऊन नडग्यांवर आडवी केली आणि पाय हलवत घशातल्या घशात काहीतरी गुणगुणायला लागली. ओवी दहा मिनिटांत झोपली. मी काय बोलावं म्हणून पाचवी राहिल्याचं सांगितलं, आई काय म्हणते तेही सांगितलं.

म्हातारी म्हणाली, "सटवाई का तुझ्या कंपनीतला सायेब हाय व्हय, हजेरी न्हाई लागली म्हून पगार कापायला? हे दगड बी तिचंच. ती रुसत न्हाई. लेकरू जागं करून बघती, कोन उठतंय का. तू उठलास न्हवं?"

"उठलो."

"मंग झालं. जा आता, वर जाऊन पड."

ती मागच्या गल्लीत राहते, हे शेत तिच्या सासऱ्याचं होतं, तिचे मालक वारल्यापासून तिला रात्रीची झोपच लागत नाही, एवढं तिने सांगितलं. "मला झोप येत न्हाई आन तुमास्नी मिळत न्हाई. दोन्ही गोष्टी जुळल्या बघ." शुद्धीत असतो तर मी अनोळखी बाईच्या हाती मुलगी दिली नसती. मुलं पळवणाऱ्यांचे किती मेसेज आमच्या ग्रुपवर फिरतात. पण त्या वेळी माझ्यात नाही म्हणायचंही त्राण उरलं नव्हतं. पाच मिनिटं पाठ टेकतो आणि येतो, असं म्हणून मी जिना चढलो.

डोळे उघडले तेव्हा खोलीभर ऊन होतं आणि घड्याळात साडेनऊ. मनीषा शेजारी गाढ झोपलेली. दार सताड उघडं. ओवी नाही.

फोन उचलला आणि अनवाणी तीन मजले उतरलो. पार्किंगमध्ये कोणी नव्हतं. दगडांवरचं तेल ओलं होतं, बाकी काहीच नव्हतं. आपण आपल्या हाताने मुलगी देऊन टाकली, हे एकच वाक्य डोक्यात घुमत होतं. तेवढ्यात मागच्या नळाकडून ओवीच्या हसण्याचा आवाज आला.

म्हातारी उन्हात बसली होती. ओवी तेलाने चकाकत होती, ओठाला भाताची पेज लागलेली. "दोनदा वर येऊन गेले," म्हातारी म्हणाली, "मेल्यागत पडला व्हता दोघं बी. म्हून पेज पाजली." मी एका हातात फोन तसाच धरून दुसरा हात ओवीकडे केला. म्हातारीने तिला मागे घेतलं.

"एका हातानं लेकरू घेत न्हाईत. फोन ठिव तिकडं. दोन्ही हात पुढं कर."

मी फोन खाली ठेवला आणि दोन्ही हात पुढे केले. प्रसादाला करतो तसे जुळवून पुढे केलेले माझे हात मी कितीतरी वर्षांनी पाहत होतो, रेषांमध्ये ग्रीस भरलेले. त्या हातांवर तिने ओवीला ठेवलं, आणि मला रडू फुटलं. म्हातारीने तिकडे लक्षच दिलं नाही, ती बाटलीचं झाकण लावत होती.

त्या दिवशी दुसऱ्या पाळीला मी मशीनसमोर उभा राहिलो. डाव्या बटणात आदल्या रात्रीचा रबराचा तुकडा तसाच होता. उजवा हात बटणाकडे नेला आणि म्हातारीचं बोलणं आठवलं. विशेष काही वाटलं नाही. अंगावर काटा आला नाही, कुठला आवाजही ऐकू आला नाही. मी तुकडा उपसला आणि खिशात टाकला, एवढंच. शेजारचा म्हणाला, "काय भावा, आज आकडा गाठायचा नाही वाटतं?" मी म्हणालो, "आज दोन्ही हातांनी करायचंय." तो हसला.

चार तासांच्या झोपेने सात महिन्यांचा थकवा जात नसतो. चहानंतर कधीतरी माझे डोळे मिटले. किती वेळ, सांगता येणार नाही. उघडले तेव्हा माझा उजवा हात सवयीने बटणावर दाबलेला होता आणि डावा हात मनगटापर्यंत आत, पत्र्यावर. वरचा भाग वरच थांबलेला होता. आजूबाजूच्या सगळ्या मशीन धडधडत होत्या, फक्त माझी गप्प होती.

मी हात हळूच बाहेर काढला. वॉशरूममध्ये जाऊन बोटं मोजली. ओवी जन्मली तेव्हा पेटीच्या काचेतून तिची मोजली होती, तशी एक-एक करून. दहा भरली. परत मोजली.

दुसऱ्या दिवशी मी सुपरवायझरला सगळं खरं सांगितलं, रबरासकट. तो चिडला, बरंच बोलला, आणि मग महिनाभरासाठी मला पॅकिंगला टाकलं. मनीषालाही सांगितलं, गादीवर ठेवण्याच्या प्रसंगासकट. ती म्हणाली, "मलाही वाटतं कधीकधी तसं. पुढच्या वेळी मला उठव." एका खोलीत राहून आम्ही दोघं एकमेकांपासून एकच गोष्ट लपवत होतो.

कोणी विचारेल, मग ओवी झोपायला लागली का? नाही. त्याच रात्री ती पाच वेळा उठली. पण म्हातारी रोज पहाटे यायची, ओवीला पायांवर घ्यायची, आणि आम्ही लाज बाजूला ठेवून झोपायचो. पुढे एका सकाळी आम्ही त्या दगडांपुढे राहिलेली पाचवी पुजली. कोरा कागद ठेवला, तर ओवीने तो ओढून तोंडात घातला. म्हातारी म्हणाली, "बरं झालं, आपलं आपन लिवून घेतलं." मी तो रबराचा तुकडाही तिथे ठेवला. कशासाठी म्हणून तिने विचारलं नाही. दुसऱ्या दिवशी सुकल्या फुलांबरोबर तो झाडून निघाला होता. गाडी आता मी दुसरीकडे लावतो.

ते काय होतं, याचा मी फार विचार करत नाही. एवढंच कळलं की सगळं आपल्या एका हाताने रेटून नेता येईल, हा माझा हट्ट होता, आणि तो मोडायला मला आधी पूर्ण थकावं लागलं. कृपा म्हणतात ती तेलाची बाटली घेऊन, माझी गाडी सरकवत आली. म्हातारीचे उपकार मी फेडू शकत नाही आणि ती फेडूही देत नाही.

ओवी आता दहा महिन्यांची आहे. अजूनही रात्री दोन-तीनदा उठते. पण हल्ली ती लगेच रडत नाही. अंधारात उठून बसते, मी दिसलो की आधी दोन्ही हात पुढे करते, आणि मग मी माझे करतो.