फिटरकाकांचं खरं नाव

भावाला मुलगा झाला त्याच दिवशी मी सांगून टाकलं, नाव मी ठेवणार. आत्या आहे मी. पाळण्यापाशी बाळाच्या कानात नाव सांगायचा मान माझा. प्रसेनजित हसला, "ठेव नं ताई, तुले कोन अडवते?"

"एझ्रा," मी म्हटलं. त्याचं हसू तिथंच थांबलं.

एझ्रा म्हणजे आमचे फिटरकाका. मूळचे अलिबागकडचे, बेने इस्रायली, म्हणजे मराठी बोलणारे ज्यू. खामगावच्या एका तेलगिरणीत चाळीस वर्षं मशिनी सांभाळून आता वऱ्हाडी आमच्याहून ठसक्यात बोलतात. शनिवार त्यांच्या धर्मात विश्रांतीचा. त्या दिवशी ते पान्याला हात लावत नसत, बदल्यात रविवारी कामावर जात. मालक कुरकुरायचा, "शनिवारी मशीन बंद पडली तर?" काकांनी उपाय शोधला, तो म्हणजे माझे बाबा. माणिकराव, गिरणीतले हमाल, पोती वाहून पाठ सोललेली. दर रविवारी काकांनी त्यांना मशीन उघडून शिकवली. मालक भडकला, "हमालाच्या हातात पाना?"

काका म्हणाले, "मंग शनवारी तुम्हीच खोला शेठ."

बाबा आधी शनिवारपुरते फिटर झाले, मग कायमचे. त्यावरच आम्ही दोघं भावंडं शिकलो; मी मोताळ्याला मास्तरीण झाले. वारण्याआधी बाबा म्हणाले होते, "त्या मानसाचे आभार मानाचे राहूनच गेले." जन्मभर लाजले बिचारे! आता काकू नाहीत, मूलबाळ नाही, काकांचे डोळे अधू. बारशाच्या दुसऱ्या दिवशी पुतण्या त्यांना कायमचं ठाण्याला नेणार होता. राहिलेले आभार मानायला माझ्या हाती बारशाचाच दिवस होता.

पण प्रसेनजित ऐकेना. "आपल्या घरात बुद्धाच्या परंपरेतली नावं हायेत ताई. शाळेत पोट्टे चिडवतीन त्याले."

"तुलेही चिडवत होते. मेला का तू?" मी तोंडाची फटकळच आहे.

मग मी काकांकडे गेले. काही न सांगता विचारलं, तुमच्यात मुलांची जुनी नावं कोणती? शिमोन, दानियल, योना... त्यांनी बोटांवर मोजली. स्वतःचं घेतलंच नाही.

"अन् तुमचं?"

"माह्यं काऊन? त्या नावानं तुही काकूच हाक मारे. ती गेली, तवापासून मी नुसता फिटर."

"जिवंत माणसाचं नाव ठेवलेलं चालते का?"

"चालते की. माह्यं नाव माह्या आज्याचं. त्याच्याच मांडीवर ठेवलं."

"त्याचा अर्थ काय हो काका?"

"मदत."

घरी येऊन मी हे सगळं प्रसेनजितला ऐकवलं. "आता बोल की!" म्हटलं. तो बाळाला घेऊन अंगणात गेला. हो नाही की नाही नाही.

बारशाला काका काठी टेकत आले, हातात मलिद्याचं ताट. भिजवलेले पोहे, खोबरं, साखर, वर केळी. "माणिकच्या घरी नातू आला. देवाचे आभार मानाचे असले की आमच्यात हे करतेत," म्हणाले. घ्या! आभार आम्ही मानायचे, आणि ताट आणलं यांनी. माझ्या डोळ्यांत पाणीच आलं. त्यांना दाराजवळच्या खुर्चीवर बसवलं.

बुद्धवंदना झाली. बाळाच्या कानाशी वाकून मी नाव सांगितलं. बायका मला विचारू लागल्या, "काय ठेवलं वं, पुष्पांजली?" मी तोंड उघडायच्या आत प्रसेनजितनं लेकाला उचललं आणि मोठ्यानं हाक मारली, "एझ्रा!"

"ओ! आलो, आलो!" दारातून आवाज आला. काका घाईघाईनं उठून काठी शोधत होते. सगळे हसले.

प्रसेनजितनं त्यांना पुन्हा खुर्चीत बसवून बाळ त्यांच्या मांडीवर दिलं. "तुम्हाले नाही काका. याले हाक मारली."

काका बाळाची मूठ चाचपत राहिले. गालांवरून पाणी ओघळत होतं, ते पुसलंही नाही.

"पुन्हा एकदा मार रे हाक," म्हणाले.

प्रसेनजितनं मारली. काकांनीच ओ दिली.