निळ्या जर्सीला परवानगी

भारत जिंकल्यावर रस्त्यावर नाचायला परवानगी लागते का? उत्तर देण्याआधी, नाचणारे कोण आहेत हे तुम्ही मनातल्या मनात पाहून घेतलंत ना?

देवानंदभाऊ गेल्याचा फोन आला तेव्हा मी वकिलांच्या ओट्यावर त्यांचीच वाट पाहत होते. भाऊ जबाब देणार होते. वनखात्यातून निवृत्त झालेला हा माणूस धान कापून मोकळ्या झालेल्या बांधीत आमच्या बौद्ध वस्तीतल्या पोरांना फुटबॉल शिकवायचा. मला त्यांनी गोलात उभं केलं तेव्हा आई म्हणाली, "भाऊ, पोरगी हाय जी ते." भाऊ म्हणाले, "बॉलले कुठी समजते, बाई!"

हे सगळं सुरू झालं त्या संध्याकाळी भारताचा फुटबॉल संघ जिंकला आणि आम्ही बसस्टँडच्या चौकात उतरलो. संघाची जर्सी निळी. तिरंगा आमच्याकडे एकच होता, निळे झेंडे मात्र घरोघरी. पोरांनी तेही आणले. पोलिसांची जीप थांबली. फौजदारांनी विचारलं, "आज कोणती जयंती? मिरवणुकीची परवानगी कुठाय?"

"जयंती नाई साहेब, भारत जिंकला," भाऊ म्हणाले.

"आज तर मॅच नव्हती."

"क्रिकेटची नव्हती."

दुकानांच्या पायऱ्यांवरचे लोक हसले... आणि ते हसू साहेबांना झोंबलं. डफडं बंद करायला शिपायानं काठी उगारली, ती मागे जीपच्या काचेवर बसली. काच फुटली. कागदावर मात्र आलं : दगडफेक. नाव आमच्यातल्या निखिलचं, कारण डफडं त्याच्या गळ्यात होतं. निखिल वनरक्षक भरतीची तयारी करत होता. हा गुन्हा राहिला तर भरती गेली.

भाऊ दुकानादुकानांत फिरले. "तू पाह्यलं ना गा?"

"पाह्यलं भाऊ... पण माह्यं दुकान हाय इथी."

भाऊ रागावले नाहीत, मी रागावले. क्रिकेट जिंकलो तेव्हा याच लोकांनी याच रस्त्यावर फटाक्यांच्या लडी लावल्या होत्या. परवानगीतला 'प'सुद्धा कुणी काढला नव्हता. मी पत्रक काढायला निघाले. "पत्रक मंग काढ," भाऊ म्हणाले. "आधी मी जबाब देतो. एकानं सांगितलं का बाकीचे येतात." जबाबाच्या सकाळीच त्यांचं हृदय थांबलं.

काही आठवडे झाले. गुन्हा तसाच आहे. गावात भाऊंच्या शोकसभेचं बोलणं चाललंय. पण त्यांना हार नकोत. हा पेपर त्या पायऱ्यांवरही वाचला जातो, म्हणून तुम्हालाच सांगते. येत्या सोमवारी निखिलच्या वकिलांकडे या, आणि काठी कुणाची होती तेवढं सांगा.