भवानी होईपर्यंत थांबलेला बेलीफ

बारामतीच्या अडत्यानं माझ्या कांद्याचे पैसे बुडवले. दिवाणी कोर्टात निकाल माझ्या बाजूनं लागला, पण तोवर बायको दवाखान्यात पडली आणि पैशावाचून आपरेशन अडलं. जप्तीला आलेला बेलीफ काटकुळा होता. सकाळीच टोपी मांडीवर ठेवून तो अडत्याच्या दुकानाच्या पायरीवर बसला.

"उचला की तराजू!" मी ओरडलो.

"भवानी होऊ द्या, पाव्हणं. दिवसाची पहिली विक्री व्हायच्या आधी मी कुणाच्या तराजूला हात लावत न्हाय."

पायरीवर बेलीफ बघून गिऱ्हाइकं आल्या पावली परतायची. भवानी होईना. शेवटी अडत्यानं पैसे माझ्या हातात आदळले. "घे, अन् ह्याला उठव!"

बायको वाचली. पुढं जन्मभर माझ्याशी भांडली. यंदा गेली. त्या बेलीफामुळं एवढी वर्षं भांडाय मिळालं, हे काय थोडं हाय?