समासातली पेन्सिल

अमिरातीतल्या अल ऐनला आल्यावर वर्षभरातच मला एका भारतीय शाळेत प्रयोगशाळा सहायकाची नोकरी लागली. नव्वदचं दशक निम्मं सरलं होतं. माझ्याकडे बॉटनीतला फर्स्ट क्लास होता आणि त्याची भरपूर घमेंड होती. जीवशास्त्राचे सर सांगलीकडचे, साठीला टेकलेले. पहिल्याच आठवड्यात त्यांनी विचारलं, "शुक्रवारी काय करता? स्वयंपाक सोडून?" मला राग आला, तरी पुढच्या शुक्रवारी मी त्यांच्या जुन्या गाडीत मागे बसले होते. पुढे त्यांच्या पत्नी, काकू, मांडीवर पोळ्यांचा डबा घेऊन बसल्या होत्या आणि आपली नाराजी जराही लपवत नव्हत्या.

सरांना झाडपाल्याचं वेड होतं. फार पूर्वी उंटावरून या मुलखात हिंडलेल्या निसर्ग-अभ्यासकांनी आपल्या नमुन्यांना लावलेल्या चिठ्ठ्यांच्या नकला त्यांनी पत्रं पाठवून मिळवल्या होत्या. त्यांवर रस्त्याचं नाव नसे, कारण रस्ताच नव्हता. 'विहिरीपासून उंटाने तीन तास, काळ्या खडकाखाली' एवढंच. सर ते तीन तास किलोमीटरमध्ये बसवत आणि "यल्ला, चला" म्हणून गाडी काढत. डोंगर अर्धे अमिरातीचे, अर्धे ओमानचे. सरहद्द कुठून जाते हे आम्हालाही नीट ठाऊक नसे. आम्ही वाद्यांमधून, म्हणजे डोंगरातल्या कोरड्या नाल्यांमधून, वर चढत असू.

तोडलेली फांदी सर वर्तमानपत्राच्या घडीत ठेवत आणि ती कुठे मिळाली ते त्याच कागदाच्या समासात पेन्सिलीने लिहीत. वही ठेवत नसत. वही हरवते, फांदीबरोबरचा कागद कुठे जातो, असं त्यांचं म्हणणं. घरी आल्यावर घड्यांच्या मधले टीपकागद रोज बदलायचे, वर्तमानपत्राला मात्र हात लावायचा नाही. "चिठ्ठी नसलेली वनस्पती म्हणजे नुसता चारा," ते मला बजावत.

फेब्रुवारीतल्या एका शुक्रवारी आम्ही दोन वाद्या पालथ्या घातल्या, अठरा घड्या झाल्या. दुसऱ्या दिवशी सर तापाने फणफणले. मी आपणहून त्यांच्या घरी टीपकागद बदलायला गेले. वर्तमानपत्रंही दमट लागली, तेव्हा उत्साहाच्या भरात तीही काढली, सरांच्या रद्दीच्या गठ्ठ्यातली कोरडी घातली आणि जुनी खालच्या कचरापेटीत टाकून घरी आले. समास मला आठवला तो दुसऱ्या दिवशी सकाळी, शाळेत फळा पुसताना. सुट्टीत धावत गेले. पेटी रिकामी झाली होती.

तेव्हाच सांगायला हवं होतं. सर ओरडले असते, चार दिवस बोलले नसते आणि विषय संपला असता. पण फर्स्ट क्लास आडवा आला. ते झोपलेले असताना मी त्यांच्या खोलीत बसले आणि आठवून आठवून सतरा जागा त्यांच्याच अक्षरात नव्या समासांवर लिहिल्या. अठरावं झुडूप बोटभर उंचीचं, लोकरीसारख्या पानांचं. ते कुठल्या वादीतलं, काही केल्या आठवेना. अंदाजाने मी अलीकडची वादी लिहिली.

एप्रिलमध्ये परदेशातल्या एका तज्ज्ञाचं पत्र आलं. सरांनी पाठवलेल्या नमुन्यांपैकी ते झुडूप त्याच्या माहितीतल्या कशाशीच जुळत नव्हतं; त्याच जागेवरून फळांसकट पुन्हा पाठवावं. सरांनी मला पत्र दोनदा वाचून दाखवलं. सरांना इतकं खूश झालेलं मी कधी पाहिलं नव्हतं.

आम्ही लागोपाठ तीन शुक्रवार अलीकडच्या वादीत गेलो. उन्हाने दगडाला हात लावता येत नव्हता. झुडूप नव्हतं. "माझ्या डोळ्यांपुढे पलीकडची वादी येते हो," सर म्हणाले. "पण अक्षर तर माझंच आहे." मी बाटलीतलं पाणी त्यांच्यापुढे केलं. चौथ्या शुक्रवारी धीर करून म्हटलं, एकदा पलीकडे बघू या. गेलो, तर तिथे खडीचा क्रशर लागला होता आणि नाल्याचा तळ पुरुषभर खणलेला होता. "खलास," एवढंच सर म्हणाले.

त्यानंतर त्यांनी स्वतःवर पहारा बसवला. हजेरी दोनदा घेऊ लागले. गाडीची किल्ली काकूंकडे दिली. शाळा आणखी दोन वर्षं ठेवून घ्यायला तयार होती, तर यांनीच राजीनामा लिहिला. आपण काय पाहिलं तेच ज्याला आठवत नाही, त्याने पोरांना काय शिकवायचं, असं त्यांनी स्टाफरूममध्ये सगळ्यांसमोर सांगितलं. त्या रात्री मी जेवले नाही.

दुसऱ्या दिवशी त्यांच्या घरी गेले. सर केस कापायला गेले होते. स्वयंपाकघराच्या दारात उभ्या उभ्या मी काकूंना सगळं सांगितलं. त्यांनी गॅस बंद केला.

"यांना सांगू नकोस," त्या म्हणाल्या.

"पण काकू, त्यांना वाटतंय आपलं डोकं..."

"वाटू दे. सतरा वर्षं म्हणतेय, चला घरी. सासूबाई गेल्या तेव्हा यांची कुठलीशी वादी फुलली होती, म्हणून आम्ही दहाव्याला पोचलो. नातवाला अजून पाहिलं नाही मी. आता कुठे आपणहून तिकिटं काढलीत. तू सांगितलंस की हे उद्या परत डोंगरात."

मला काकूंचा राग आला नाही. उलट हायसं वाटलं, आणि त्याचीच मला आजही सगळ्यात जास्त लाज वाटते.

तेवढ्यात सर आले. खुर्चीत बसून घाम पुसत माझ्याकडे पाहू लागले.

"त्या दिवशी तुम्हीही होतात," ते म्हणाले. "तुमचं वय काय, डोकं ताजं. खरं सांगा, ते झुडूप मी कुठे तोडलं?"

काकू हातात लाटणं धरून उभ्या होत्या.

"तुम्ही लिहिलंय तिथंच, सर," मी म्हणाले.

सरांनी हळूहळू मान हलवली. मग काकूंकडे वळून त्यांनी विचारलं, "माझी सकाळची गोळी झाली का गं?"